बोअरवेलभोवतीची वर्तुळं

नामिबियाच्या पूर्वेला, ओकाकारारा आणि एपुकिरोच्या बाजूला, हेरेरो पशुपालकांची वस्ती म्हणजे थोडी घरं, काटेरी फांद्यांच्या कुंपणाचं वाडगं, काही ठिकाणी पूर्वजांसाठी जपलेली पवित्र अग्नीची जागा आणि जवळच बोअरवेल. भोवती सगळं गवताळ रान. पाऊस वर्षाला साधारण ३५० ते ४०० मिलिमीटर, तोही लहरी. कोरडवाहू पिकाचा भरवसा नाही, म्हणून संसार गायींवर चालतो. दूध आंबवून केलेलं ओमाएरे हे रोजचं अन्न.

या वस्तीचा कारभार वासरू आणि पाणी चालवतात. सकाळी धारा काढल्या की वासरं घराजवळ ठेवतात आणि गायी रानात सोडतात. गुराखी सोबत असलाच पाहिजे असं नाही. वासराच्या ओढीने आणि तहानेने गाय आपणहून परतते. उन्हाळ्यात तिला दिवसाला ४०-५० लिटर पाणी लागतं.

आता हिशेब पाहा. बोअरवेलपासून १ किलोमीटरच्या आतली जमीन सुमारे ३१४ हेक्टर, ५ किलोमीटरच्या आतली ७,८५० हेक्टर. पण लांब चरायला गेलेली गायसुद्धा ते ३१४ हेक्टर जाता-येता तुडवतेच. म्हणून पाण्याजवळ माती उघडी पडते. त्यापुढे बारमाही गवत जाऊन फक्त पावसाळ्यापुरतं उगवणारं गवत उरतं, त्यापुढे बहुधा काटेरी झुडपांची गर्दी, आणि चांगलं गवत सर्वांत लांब. आर. टी. लँग यांनी १९६९ साली ऑस्ट्रेलियातल्या मेंढ्यांच्या रानात हाच आकृतिबंध पाहून त्याला ‘पायोस्फिअर’ असं नाव दिलं.

यातली झुडपं मला सर्वांत महत्त्वाची वाटतात. गवत दाट असतं तेव्हा ते वरच्या थरातलं पाणी आधी शोषून घेतं आणि झुडपांच्या रोपांना तग धरू देत नाही. शिवाय वाळलेलं गवत पेटलं की वणव्यात कोवळी रोपं जळतात. गवत खाऊन संपलं की या दोन्ही अडचणी दूर होतात. सेकेलबॉस नावाच्या झुडपाला तर गायच मदत करते: शेंगा खाते आणि बिया शेणातून पसरवते. (हेच झुडूप, गुलाबी-पिवळ्या दुरंगी फुलांचं, दख्खनच्या माळांवरही उगवतं, आपल्याकडे त्याला सिगमकाटी म्हणतात.) हवेतला वाढता कार्बन डायऑक्साइडही गवतापेक्षा झुडपांना अधिक मानवतो. नामिबियात अडीच कोटी हेक्टरांहून जास्त जमीन अशी झुडपांनी व्यापली आहे.

झुडपं इतकी का माजली, याला ‘हेरेरो लोकांनी अति गुरं चारली’ हे उत्तर मला मुळीच पटत नाही. कुंपण घातलेल्या मोठ्या खाजगी फार्मवरही झुडपं तशीच माजली आहेत. आणि हेरेरो पूर्वी एका पाण्याला बांधलेले नव्हते. मुख्य वस्ती ओंगांडा, तिथून पावसाच्या मागाने लांबच्या ओहाम्बोवर, म्हणजे गुरांच्या तळावर, कळप हलत. मागे राहिलेल्या रानाला विसावा मिळे. नामिबिया जर्मन वसाहत असताना, १९०४ साली वॉटरबर्गच्या लढाईनंतर जर्मन सैन्याने हेरेरोंना ओमाहेकेच्या कोरड्या रानात हाकललं आणि पाणवठे अडवले; २ ऑक्टोबरला जनरल फॉन ट्रोथाने संहाराचा हुकूम काढला. हजारो माणसं तहानेने मेली. जमीन आणि गुरं हिरावली गेली. पुढे दक्षिण आफ्रिकेच्या राजवटीत वाचलेल्यांच्या वाट्याला एपुकिरो, आमिनुइस, वॉटरबर्ग ईस्ट असे राखीव प्रदेश आले आणि तिथलं जगणं बोअरवेलभोवती एकवटलं. जमिनीवरची ही वर्तुळं वाचताना हा इतिहास वगळला तर विज्ञानही अर्धवट राहतं.

आज झुडपं तोडून कोळसा करतात. नामिबियाचा हा कोळसा युरोपात निर्यात होतो. पण नुसतं तोडून भागत नाही. सेकेलबॉसला बुंध्यातून आणि मुळांतून पुन्हा फुटवे येतात. कोवळे फुटवे शेळ्या खातात, म्हणून तोडलेल्या जागी त्यांना चारणं उपयोगी पडतं. मात्र गायींना तिथून काही काळ दूर ठेवलं नाही, तर बारमाही गवताला पुन्हा मूळ धरायला वेळच मिळत नाही. त्यासाठी कळप न्यायला दुसरीकडे पाणीही हवं आणि मोकळं रानही.