जॉन प्राइन (आल्बम)

अमेरिकन गीतकार-गायक जॉन प्राइन (१० ऑक्टोबर १९४६ – ७ एप्रिल २०२०) यांचा त्यांच्याच नावाने निघालेला पहिला आल्बम. अटलांटिक रेकॉर्ड्सने तो १९७१ साली प्रसिद्ध केला. त्यात १३ गाणी आहेत. कंट्री (अमेरिकेतले ग्रामीण वळणाचे संगीत) आणि फोक (लोकसंगीत) अशा दोन्ही परंपरांत त्याची गणना होते. चोविशीतला गायक पहिल्या आल्बममध्ये सहसा स्वतःचे प्रेम आणि स्वतःचे बंड गातो. प्राइन यांनी मात्र एकाकी म्हातारी जोडपी, व्यसनात बुडालेला सैनिक, संसारात विझत गेलेली बाई अशी माणसे गाण्यात आणली. त्यांची कीव न करता, त्यांच्याच बोलीत त्यांना बोलू दिले. या आल्बमचे मोठेपण त्यात आहे.

प्राइन यांचे आईवडील केंटकी राज्यातल्या म्यूलेनबर्ग काउंटीचे. कामधंद्यासाठी ते शिकागोजवळच्या मेवूड या कामगारवस्तीत आले आणि जॉन तिथेच वाढले. गिटार त्यांना थोरला भाऊ डेव्ह याने शिकवली. सैन्यात सक्तीची भरती झाली तेव्हा व्हिएतनामऐवजी त्यांची रवानगी पश्चिम जर्मनीत झाली, आणि तिथे त्यांनी मेकॅनिकचे काम केले. परतल्यावर ते पोस्टमनचे काम करत होते. टपाल वाटत फिरताना मनात गाणी जुळवायची, थंडी-वारा फार झाला की रस्त्याकडेच्या टपाल ठेवायच्या मोठ्या पेटीत शिरून डबा खायचा, असा त्यांचा दिनक्रम होता. आल्बममधली बरीचशी गाणी या फेऱ्यांत तयार झाली.

१९७०मध्ये शिकागोतल्या ‘फिफ्थ पेग’ या छोट्या क्लबमध्ये ते गाऊ लागले. चित्रपट समीक्षक रॉजर ईबर्ट यांनी त्यांना तिथे ऐकले आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये ‘शिकागो सन-टाइम्स’मध्ये या गाणाऱ्या पोस्टमनवर भरभरून लिहिले. पुढचे दार मित्राने उघडले. गायक स्टीव्ह गुडमन तेव्हा नावाजलेले गीतकार-गायक क्रिस क्रिस्टॉफरसन यांच्या कार्यक्रमाआधी गात असत. आपल्याबद्दल बोलायचे सोडून त्यांनी क्रिस्टॉफरसन यांना गळ घातली आणि रात्री उशिरा प्राइन यांना ऐकायला ‘अर्ल ऑफ ओल्ड टाउन’ या क्लबमध्ये नेले. बंद व्हायची वेळ झाल्याने खुर्च्या टेबलांवर चढवलेल्या होत्या. प्राइन गायले, क्रिस्टॉफरसन यांनी तीच गाणी पुन्हा ऐकायला मागितली. पुढे न्यूयॉर्कमध्ये त्यांनी प्राइन यांना स्वतःच्या रंगमंचावर बोलावले, अटलांटिक कंपनीचे जेरी वेक्सलर तिथे हजर होते, आणि दुसऱ्याच दिवशी करार ठरला. आल्बमच्या वेष्टनावरचा मजकूरही क्रिस्टॉफरसन यांचाच आहे. हा २४ वर्षांचा मुलगा २२० वर्षांचा असल्यासारखा लिहितो, असे त्यांनी त्यात म्हटले.

ध्वनिमुद्रण मेम्फिसच्या अमेरिकन साउंड स्टुडिओत झाले. निर्माते होते इस्तंबूलमध्ये जन्मलेले आरिफ मार्दिन. साथीला रेजी यंग (गिटार), बॉबी एमन्स (ऑर्गन), बॉबी वूड (पियानो), माइक लीच (बास) आणि जीन क्रिसमन (ड्रम) अशी तिथली कसलेली मंडळी होती. यातल्या अनेकांनी १९६९मध्ये एल्विस प्रेस्ली यांनाही साथ केली होती. लिओ लब्लांक यांची पेडल स्टील गिटार आल्बमला कंट्रीचा रंग देते. क्लबमध्ये एकटे गाणाऱ्या प्राइन यांना इतक्या मुरलेल्या वादकांसमोर दडपण आले होते. त्यांचा आवाज जागोजागी ताठर लागतो तो त्यामुळेच. पण या गाण्यांना तो खरखरीत, थोडा अवघडलेला आवाज शोभतो. ‘पॅराडाइज’ हे एकच गाणे न्यूयॉर्कमध्ये डेव्ह आणि गुडमन यांच्या साथीने मुद्रित झाले.

‘पॅराडाइज’ प्राइन यांनी वडिलांसाठी लिहिले. मुलगा वडिलांना त्यांच्या गावी, ग्रीन नदीकाठी न्यायला सांगतो. वडील म्हणतात, आता उशीर झाला, कोळसा कंपनीच्या गाडीने ते गाव ओढून नेले. पॅराडाइज हे म्यूलेनबर्ग काउंटीतले खरेखुरे गाव होते. गाण्यात दोष पीबॉडी या कोळसा कंपनीवर येतो, आणि तिथल्या जमिनीची चाळण उघड्या खाणींनी केली हे खरेच. गाव प्रत्यक्षात विकत घेऊन रिकामे केले ते मात्र टेनेसी व्हॅली अथॉरिटी या सरकारी संस्थेने, १९६७मध्ये, तिच्या वीजकेंद्रातून पडणाऱ्या राखेमुळे. गाणे इतके पसरले की पीबॉडी कंपनीला १९७३मध्ये पत्रक काढून उत्तर द्यावे लागले.

‘सॅम स्टोन’मधला सैनिक ‘पर्पल हार्ट’ हे जखमी सैनिकांना मिळणारे पदक आणि मॉर्फीनचे व्यसन घेऊन घरी येतो आणि त्यातच संपतो. ध्रुवपदात त्याच्या मुलाची नजर आहे: बाबांच्या हातात एक भोक आहे, सगळा पैसा तिथून जातो. व्हिएतनामवर तेव्हा गाण्यांची कमी नव्हती, पण बहुतेक गाणी युद्धाकडे बोट दाखवत होती. इथे युद्ध संपल्यावरचे घर दिसते. ‘हॅलो इन देअर’मागे प्राइन यांचा पोरवयातला अनुभव आहे. वृद्धाश्रमात वर्तमानपत्रे टाकताना तिथले काही म्हातारे त्यांना नातू आल्यासारखे वागवत. गाण्यातल्या नवरा-बायकोची मुले पांगली आहेत, एक कोरियाच्या युद्धात गेला, आणि तो कशासाठी गेला हे त्यांना अजून कळलेले नाही. ‘एंजल फ्रॉम माँटगोमेरी’ ही तर स्वयंपाकघरातल्या बाईच्या तोंडची कैफियत. नवरा सकाळी कामाला जातो, संध्याकाळी परततो, आणि दोघांत बोलण्यासारखे काही उरलेले नाही. एवढ्या लहान वयाच्या पुरुषाने ती इतकी अचूक लिहावी याचे आश्चर्य प्रत्येक वेळी नव्याने वाटते.

‘युवर फ्लॅग डेकल’ या शब्दांनी ज्याचे नाव सुरू होते ते गाणे थेट टपालाच्या थैलीतून आले. ‘रीडर्स डायजेस्ट’ने अंकासोबत राष्ट्रध्वजाचे स्टिकर वाटले, आणि प्राइन यांना ते सगळीकडे चिकटवलेले दिसू लागले, झेंडा चिकटवून स्वर्ग मिळत नाही, असे ते त्यावर म्हणतात. व्हिएतनाम युद्ध संपल्यावर त्यांनी ते गाणे बाजूला ठेवले होते, इराक युद्धाच्या काळात पुन्हा गायला घेतले. ‘फार फ्रॉम मी’ आणि ‘डोनल्ड अँड लिडिया’ तुलनेने कमी ऐकली जातात, पण दोन एकट्या जिवांची कल्पनेतच होणारी भेट सांगणारे दुसरे गाणे पहिल्या पंक्तीतले आहे. ‘प्रीटी गुड’, ‘क्वाएट मॅन’ किंवा ‘फ्लॅशबॅक ब्लूज’ त्या उंचीला पोचत नाहीत.

आल्बम फार खपला नाही. ‘बिलबोर्ड’ या संगीत-साप्ताहिकाच्या खपाच्या यादीत तो १५४व्या क्रमांकापर्यंतच गेला, तरी नवोदित कलाकाराच्या ग्रॅमीसाठी प्राइन यांना नामांकन मिळाले. गाणी पसरली ती इतरांच्या गळ्यातून. १९७२मध्ये बेट मिडलर यांचे ‘हॅलो इन देअर’ आणि जॉन डेन्व्हर यांचे ‘पॅराडाइज’ आले, १९७४मध्ये बॉनी रेट यांनी गायलेले ‘एंजल फ्रॉम माँटगोमेरी’ त्यांचीच ओळख बनले. जॉनी कॅश यांनी ‘सॅम स्टोन’ गाताना येशूचे मरण फुकट गेले अशा अर्थाची ओळ बदलून घेतली. २०२०च्या ‘रोलिंग स्टोन’ मासिकाच्या ५०० सर्वोत्कृष्ट आल्बमच्या यादीत हा आल्बम १४९वा होता.