फ्लोरेन्सची खाद्य-वाइन पायी सफर : ग्राहकांसाठी माहितीपत्रक

इटलीतील फ्लोरेन्स शहराच्या जुन्या भागात आम्ही जास्तीत जास्त आठ जणांच्या गटासाठी, मराठी बोलणाऱ्या मार्गदर्शकासह, साडेतीन तासांची पायी सफर घडवतो. सफरीत सहा ठिकाणी थांबून खाद्यपदार्थ चाखले जातात आणि चार प्रकारच्या वाइन थोड्या थोड्या प्रमाणात दिल्या जातात. एकूण चालणे सुमारे तीन किलोमीटरचे असते. नोंदणी केलेल्या सर्वांनी हे पत्रक निघण्यापूर्वी एकदा शांतपणे वाचावे, अशी विनंती आहे, कारण ताटात आणि पेल्यात काय येणार हे आधी ठाऊक असले म्हणजे परक्या गावात, परक्या भाषेत, ऐन वेळी मनात शंका येऊन घास हातात धरून थांबावे लागत नाही.

मंडईपासून सुरुवात

सकाळी साडेनऊ वाजता आपण सान लोरेन्झो भागातील मेर्कातो चेन्त्राले या मंडईच्या मुख्य दारापाशी भेटतो. लोखंड आणि काचेची ही इमारत 1874 मध्ये खुली झाली. मिलान शहरातील ‘गॅलेरिया’ ही प्रसिद्ध छताखालची बाजारपेठ उभारणाऱ्या जुझेप्पे मेंगोनी या वास्तुविशारदानेच तिचा आराखडा केला होता. 1865 ते 1871 या काळात फ्लोरेन्स इटलीची राजधानी होते आणि त्या निमित्ताने जुन्या शहराची जी पाडापाड व नवी बांधणी सुरू झाली, तिच्यातूनच ही मंडई जन्माला आली. इमारतीच्या वरच्या मजल्यावर 2014 पासून खाण्याचे आधुनिक दालन आहे. ते स्वच्छ आणि सोयीचे आहे, परंतु आम्ही ग्राहकांना तेथे नेत नाही. खालच्या मजल्यावर भाजी, चीज, मांस आणि वाळवलेल्या अळंब्या विकणारे गाळे आहेत, शहरातील स्वयंपाकघरे चालवणारी माणसे तेथे खरेदी करतात, आणि आम्हाला दाखवायचे असते ते हेच. हा मजला दुपारनंतर आवरू लागतो व रविवारी बंद असतो, म्हणून आमची सफर रविवारी नसते.

पहिला घास पावाचा असतो, आणि तो बहुतेकांना निराश करतो. तोस्काना प्रांताच्या पारंपरिक पावात मीठ नसते. असे का, याच्या अनेक कथा सांगितल्या जातात, पण त्यांपैकी कोणतीही छातीठोकपणे सांगावी अशी नाही. ज्वारीच्या भाकरीत अनेक घरांत मीठ घालत नाहीत आणि तिची जोडी ठेच्याशी किंवा झणझणीत रश्श्याशी जमते, हे आठवले म्हणजे या पावाचे गणित चटकन उलगडते. तो एकट्याने खाण्यासाठी नाहीच. खारवलेले मांस, मेंढीच्या दुधाचे पेकोरिनो चीज, तिखटसर ऑलिव्ह तेल यांना साथ देण्यासाठी तो आहे. शिळा झाल्यावर तर त्याचे खरे आयुष्य सुरू होते. पांढऱ्या घेवड्यात, काळसर कोबीच्या पानांत आणि भाज्यांत तो पाव शिजवून, दुसऱ्या दिवशी पुन्हा गरम करून खातात, त्या पदार्थाचे नावच रिबोल्लिता, म्हणजे ‘पुन्हा उकळलेली’. टोमॅटोत शिजवलेल्या पावाला पाप्पा अल पोमोदोरो म्हणतात. शिळ्या पोळीचा कुस्करा करणाऱ्या घरांतून आलेल्या आपल्या ग्राहकांना या दोन्ही पदार्थांची ओळख करून द्यावी लागत नाही.

शाकाहार, गोमांस आणि इतर पथ्ये

या विषयावर आम्ही मुद्दाम सविस्तर लिहीत आहोत. फ्लोरेन्सचा सर्वांत लोकप्रिय रस्त्यावरचा पदार्थ म्हणजे लाम्प्रेदोत्तो. गायीच्या चौथ्या जठराचा हा पदार्थ भाज्यांच्या पाण्यात मंद शिजवून, बारीक कापून, हिरव्या चटणीसह पावात भरून देतात. आमच्या सुरुवातीच्या एका सफरीत मार्गदर्शकाने त्याचे वर्णन ‘वजडीसारखा’ असे केले, आणि वजडी म्हणजे बकऱ्याचीच असे समजून एका ग्राहकाने तो खाल्ला. चूक पूर्णपणे आमची होती. तेव्हापासून प्रत्येक थांब्यावर मांस कोणत्या प्राण्याचे आहे हे मार्गदर्शक घास हातात देण्यापूर्वी स्पष्ट शब्दांत सांगतो, आणि ज्यांनी नोंदणी करताना गोमांस वर्ज्य असल्याचे कळवले आहे त्यांच्यासाठी दुसऱ्या पदार्थाची व्यवस्था आधीच केलेली असते. शहराचा दुसरा प्रसिद्ध पदार्थ, निखाऱ्यावर भाजलेला जाड बिस्तेक्का, हाही गोमांसाचाच असतो. तो आमच्या सफरीत नाही. पावाच्या चकतीवर लावून दिला जाणारा तपकिरी लेप बहुधा कोंबडीच्या काळजाचा असतो, तो डाळीचा किंवा अळंब्यांचा समजू नये.

शाकाहारी ग्राहकांची येथे उपासमार होत नाही. तोस्कानाच्या लोकांना इटलीतील इतर लोक चेष्टेने ‘घेवडे खाणारे’ म्हणतात, इतके त्यांच्या जेवणात द्विदल धान्य असते. सेज नावाच्या सुगंधी पानात आणि टोमॅटोत शिजवलेला पांढरा घेवडा, वर उल्लेखिलेले पावाचे पदार्थ, आणि तेल-मीठ लावून भाजलेली स्क्याच्याता नावाची चपटी रोटी यांवर पोटभर सकाळ जाते. मात्र दोन गोष्टी प्रामाणिकपणे सांगणे आवश्यक आहे. पारंपरिक पेकोरिनो चीज करताना दूध विरजण्यासाठी प्राण्याच्या जठरातील द्रव्य वापरले जाते. जे हे टाळतात त्यांनी तसे कळवल्यास त्यांच्या ताटात चीज ठेवले जात नाही. तसेच येथील जवळजवळ प्रत्येक रस्सा कांदा, गाजर आणि सेलरी परतून सुरू होतो, त्यामुळे कंदमुळे न खाणाऱ्या जैन ग्राहकांना आम्ही फळे, स्क्याच्याता, ऑलिव्ह आणि सुका मेवा एवढेच खात्रीने देऊ शकतो. हे अपुरे वाटत असल्यास ही सफर घेऊ नये, असाच आमचा सल्ला राहील. अंडे वर्ज्य असलेल्यांनी शेवटच्या थांब्यावरची बदामाची कान्तुच्ची बिस्किटे टाळावीत.

भिंतीतल्या खिडक्या

मंडईतून निघाल्यावर आपण ऑर्सानमिकेले या इमारतीपाशी थांबतो. ती आज चर्च म्हणून ओळखली जाते, परंतु चौदाव्या शतकात ती धान्याचा बाजार म्हणून बांधली गेली. पुढे खाली देवालय झाले तरी वरच्या मजल्यांवर शहराचे धान्यकोठार राहिले आणि खांबांच्या पोकळीतून धान्य खाली सोडण्याची सोय होती. पुढचा थांबा मात्र ज्या गोष्टीसाठी आहे, ती शेजारून रोज जाणाऱ्यांच्याही नजरेतून सुटते. जुन्या वाड्यांच्या दगडी भिंतींत, मुख्य दाराच्या बाजूला, साधारण तीस सेंटिमीटर उंचीची, वरून कमानदार, लहानशी खिडकी दिसते. आपल्याकडच्या जुन्या वाड्यातील दिवा ठेवण्याच्या कोनाड्याएवढा तिचा आकार असतो. तिला बुकेत्ता देल व्हिनो, म्हणजे वाइनची खिडकी, म्हणतात.

फ्लोरेन्सच्या सरदार-सावकार घराण्यांचे द्राक्षमळे शहराबाहेरच्या टेकड्यांवर होते. 1559 मध्ये फ्लोरेन्सचा तेव्हाचा सत्ताधीश पहिला कोसिमो दे मेदिची याने या घराण्यांना आपल्या मळ्यातील वाइन आपल्याच वाड्यातून थेट विकण्याची मुभा दिली. त्यामुळे मधल्या गुत्तेवाल्याचा नफा वाचला. गिऱ्हाईक रस्त्यावर उभे राहून खिडकीच्या लाकडी झडपेवर टकटक करी, आतला नोकर पैसे घेऊन भरलेला चंबू बाहेर देई, आणि धन्याला परक्या माणसाला उंबऱ्याच्या आत घ्यावे लागत नसे. खिडकीचा आकार त्या चंबूच्या मापानेच ठरलेला आहे. 1630 च्या सुमारास शहरात प्लेग पसरला तेव्हा या व्यवस्थेचा वेगळाच उपयोग झाला. विक्रेते नाणी हाताने न घेता धातूच्या पसरट पळीवर घेत आणि लगेच व्हिनेगरमध्ये टाकत, अशी नोंद त्या साथीच्या 1634 मधील वृत्तान्तात आहे. 2020 च्या महासाथीत यांतील काही खिडक्या पुन्हा उघडल्या आणि त्यांतून वाइन, कॉफी, आइस्क्रीम दिले जाऊ लागले. शहराच्या जुन्या भागात अशा दीडशेहून अधिक खिडक्यांची नोंद झालेली आहे. बऱ्याच विटांनी बुजवलेल्या आहेत, काहींची टपालपेटी झाली आहे, तर काहींत देवाचे चित्र बसवले आहे. आपण वाटेत सात-आठ पाहतो आणि आर्नो नदीपलीकडच्या ओल्त्रार्नो भागात, जी आजही चालू आहे अशा एका खिडकीतून पेला घेतो.

नदी ओलांडण्यासाठी पोन्ते व्हेक्यो हा 1345 चा पूल आहे. आज त्यावर सोनारांची दुकाने चमकतात, पण पूर्वी तेथे खाटीक बसत. 1593 मध्ये त्याच मेदिची घराण्यातील पहिल्या फेर्दिनान्दोने त्यांना उठवून सोनारांना जागा दिली.

पेल्यातील वाइन

सफरीतील मुख्य वाइन म्हणजे किआन्ती क्लासिको. फ्लोरेन्स आणि सिएना या दोन शहरांमधील टेकड्यांवर ती तयार होते. किआन्तीच्या प्रदेशाची हद्द मेदिची घराण्यातीलच तिसऱ्या कोसिमोने 1716 मध्येच फर्मान काढून ठरवून दिली होती. आजच्या नियमांनुसार क्लासिकोमध्ये किमान 80 टक्के सांजोव्हेझे या जातीचे काळे द्राक्ष असावे लागते, आणि बाटलीच्या गळ्यावर काळ्या कोंबड्याचे चिन्ह असते. या कोंबड्याची एक दंतकथा आहे. सीमा ठरवण्यासाठी दोन्ही शहरांच्या घोडेस्वारांनी कोंबडा आरवताच निघायचे आणि जेथे भेट होईल तेथे हद्द मानायची, असे ठरले. फ्लोरेन्सने आपला काळा कोंबडा उपाशी ठेवला, तो पहाटेच्या कितीतरी आधी आरवला, आणि त्यांचा स्वार जवळजवळ सिएनाच्या वेशीपर्यंत पोहोचला.

या वाइनची चव सांगताना मराठीला शब्द शोधावे लागत नाहीत. जांभूळ खाल्ल्यावर जिभेवर जो तुरटपणा राहतो, तो आणि चिंचेइतका नव्हे, पण कोकमाच्या जवळ जाणारा आंबटपणा, ही सांजोव्हेझेची ओळख आहे. म्हणूनच ती नुसती प्यायल्यास काहींना कडक वाटते, आणि चीज किंवा तेलकट घास घेतल्यावर एकदम मऊ होते. हीच जात आपल्या सोलापूर जिल्ह्यात अकलूजच्या परिसरातही लावली गेली आहे, हे ऐकून ग्राहकांना आश्चर्य वाटते. शेवटी सान्तो स्पिरितो चौकात व्हिन सान्तो दिली जाते. त्रेब्बियानो आणि माल्वाझिया जातीची द्राक्षे सुकवून, त्यांचा रस लहान पिंपांत भरून माळ्यावर वर्षानुवर्षे मुरवून ती करतात. कान्तुच्ची तीत बुडवून खायची असतात. ती कोरडी चावण्याचा प्रयत्न करू नये.

प्रत्येक पेल्यात सुमारे 60 मिलिलिटर वाइन असते, म्हणजे चार पेले मिळून एका बाटलीचा साधारण एकतृतीयांश भाग होतो. सगळी पिण्याचे बंधन नाही. चव घेऊन उरलेली ओतून देण्यासाठी भांडे ठेवलेले असते आणि ते वापरणे तेथे असभ्य मानले जात नाही. मद्य न घेणाऱ्यांना द्राक्षरस दिला जातो व शुल्कात सवलत मिळते. इटलीतील कायद्याप्रमाणे 18 वर्षांखालील व्यक्तीला वाइन देता येत नाही, त्यामुळे पालकांनी संमती दिली तरी आम्ही ती देणार नाही. औषधे चालू असलेल्यांनी आपल्या डॉक्टरांना आधी विचारावे.

चालताना घ्यावयाची काळजी

रस्ते दगडी फरशीचे व उंचसखल आहेत, म्हणून सपाट तळाची, वापरून सैल झालेली पादत्राणे घालावीत. जुलै-ऑगस्टमध्ये ऊन फार असते आणि इटलीतील 15 ऑगस्टच्या सणाच्या आसपास अनेक दुकाने बंद राहतात. एप्रिल-मे किंवा सप्टेंबर-ऑक्टोबर हे महिने आम्ही सुचवतो. चर्चमध्ये प्रवेश करताना खांदे व गुडघे झाकलेले असावेत. दुकानाबाहेरच्या उंबऱ्यावर किंवा फूटपाथवर बसून खाणे टाळावे. 2018 मध्ये तेथील महापालिकेने उफ्फिझी संग्रहालयाजवळच्या काही रस्त्यांवर ठरावीक वेळांत असे खाण्यास मनाई करून 150 ते 500 युरो दंड ठेवला होता, आणि या बाबतीत स्थानिक रहिवाशांची नाराजी आजही जाणवते. सफरीनंतर आपण स्वतः उपाहारगृहात गेलात, तर बिलात ‘कोपेर्तो’ या नावाने दरमाणशी छोटी रक्कम दिसेल. ती पाव व टेबलाची आकारणी आहे, फसवणूक नव्हे. आइस्क्रीम घेताना पिस्त्याचा रंग भडक हिरवा असेल आणि ढीग काठाबाहेर फुगवून ठेवला असेल, तर पुढच्या दुकानात जावे.

कोल्हापूर परिसरातील बरेच ग्राहक एक गोष्ट हमखास विचारतात, म्हणून तिची माहिती येथेच देतो. इंग्लंडहून परतताना कोल्हापूरचे छत्रपती राजाराम महाराज यांचे 30 नोव्हेंबर 1870 रोजी फ्लोरेन्स येथे, ऐन विशीत, निधन झाले. आर्नो आणि मुन्योने या नद्यांच्या संगमावर त्यांच्यावर अंत्यसंस्कार झाले, आणि त्या जागी 1874 मध्ये छत्रीखाली त्यांचा अर्धपुतळा उभारला गेला. जवळच्या मोठ्या पुलालाही त्यांच्यावरूनच ‘भारतीयाचा पूल’ अशा अर्थाचे नाव पडले आहे. हे स्थळ काशिने उद्यानाच्या पश्चिम टोकाला, आपल्या मार्गापासून बरेच दूर असल्यामुळे सफरीत बसत नाही. तेथे जाऊ इच्छिणाऱ्यांनी नोंदणीच्या वेळी तसे लिहावे. दुसऱ्या दिवशी सकाळी मार्गदर्शक विनाशुल्क सोबत येतो. उद्यानाच्या त्या भागात खाण्यापिण्याची सोय आम्ही केलेली नाही, त्यामुळे न्याहरी करून व पाणी बरोबर घेऊन निघावे.