श्रम आणि श्रमशक्ती: मजुरी नेमकी कशाची?

कामगार मजुरी घेऊन आपले श्रम विकतो, असे आपण सहज म्हणतो, आणि रोजंदारी असो वा महिन्याचा पगार, हे वाक्य कुणाला खटकत नाही. कार्ल मार्क्स यांनाही ते आरंभी खटकले नव्हते. १८४७ साली ब्रुसेल्समध्ये कामगारांपुढे दिलेल्या आणि १८४९ मध्ये वृत्तपत्रातून छापलेल्या व्याख्यानांत ‘श्रम विकणे’ हेच शब्द आहेत. मार्क्स यांच्या निधनानंतर, १८९१ मध्ये, त्यांचे सहकारी फ्रेडरिक एंगल्स यांनी ती व्याख्याने पुस्तिकारूपाने पुन्हा काढली, तेव्हा त्यांनी ‘श्रम’ या शब्दाच्या जागी ‘श्रमशक्ती’ घातला आणि हा नुसता शब्दांचा खेळ नाही, असे प्रस्तावनेत आवर्जून सांगितले.

श्रम म्हणजे प्रत्यक्ष चालू असलेले काम. श्रमशक्ती म्हणजे काम करण्याची अंगातली कुवत. ती काम सुरू होण्याआधीही माणसापाशी असते आणि अन्न, निवारा, विश्रांती व मुलाबाळांचे पालनपोषण यांवर टिकून राहते. मजूर सकाळी नाक्यावर उभा राहतो तेव्हा त्याच्याजवळ ही कुवतच तेवढी असते. श्रम अजून घडायचे असतात, आणि घडू लागतात तेव्हा त्यांवरचा त्याचा हक्क संपलेला असतो.

हा भेद करावा लागला तो एका जुन्या पेचामुळे. वस्तूचे मूल्य तिच्या उत्पादनाला लागणाऱ्या श्रमांवर ठरते, हे इंग्लिश अर्थशास्त्रज्ञ डेव्हिड रिकार्डो यांनी १८१७ मध्ये ठामपणे मांडले. पण मग श्रमांचे मूल्य कसे ठरवायचे? बारा तासांच्या श्रमांचे मूल्य बारा तासांचे श्रम, हे उत्तर जागच्या जागी फिरते. शिवाय कामगाराला त्याच्या श्रमांचे पुरेपूर मोल मिळत असेल तर मालकाला नफा उरायलाच नको. रिकार्डो यांच्या अनुयायांना ही गाठ सुटली नाही.

मार्क्स यांनी १८६७ मध्ये ‘कॅपिटल’च्या पहिल्या खंडात ती सूतगिरणीच्या उदाहरणाने सोडवली. कापूस २० शिलिंगांचा, चात्यांची झीज ४ शिलिंग, दिवसाची मजुरी ३ शिलिंग, असा एकूण खर्च २७ शिलिंग. बारा तासांत तयार झालेले २० पौंड वजनाचे सूत मात्र ३० शिलिंगांना विकले जाते. इथे कुणी कुणाला मापात फसवलेले नाही. कामगाराचा एका दिवसाचा निर्वाह ३ शिलिंगांत, म्हणजे सहा तासांच्या श्रमांत भागतो, आणि त्याच्या श्रमशक्तीची तेवढी किंमत त्याला पुरती मिळालेली आहे. परंतु ती शक्ती बारा तास राबवली गेली आहे. उरलेल्या सहा तासांतून आलेले ३ शिलिंग हेच वरकड मूल्य. या हिशेबाचे मला सर्वांत मोठे महत्त्व वाटते ते हे, की तो नफ्याचे मूळ शोधताना मालकाच्या लबाडीचा आधार घेत नाही. किंमत निर्वाहावर ठरते आणि श्रम किती निघतील हे कामाच्या तासांवर, म्हणूनच इंग्लंडमध्ये १८४७ च्या दहा तासांच्या कायद्यासाठी एवढा दीर्घ झगडा झाला.

१८७१ मध्ये जेव्हन्स आणि मेंगर या अर्थशास्त्रज्ञांनी मूल्याचा पाया श्रमांवरून उपयुक्ततेवर नेला आणि मुख्य प्रवाहातील अर्थशास्त्राने रिकार्डो यांची वाट सोडली. तरीही विकली जाते ती कुवत आणि वापरले जातात ते श्रम, हे निरीक्षण त्या वादाबाहेरही टिकते, असे माझे मत आहे.

घोटाळा होतो तो मजुरी मोजण्याच्या पद्धतीमुळे. उक्त्या कामात तर नगावर किंवा टनावर पैसे मिळत असल्याने जणू केलेल्या श्रमांचीच किंमत चुकती होत आहे, असे वाटते. महाराष्ट्रातील ऊसतोडीत मात्र दोन्ही गोष्टी उघड वेगळ्या दिसतात. हिशेब टनावर होत असला तरी हंगामाआधी मुकादम जोडप्याला ‘उचल’ देतो, आणि नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’ धरला जातो. एकही ऊस तुटलेला नसताना दिलेली ही रक्कम दोन माणसांची हंगामभराची कुवत बांधून घेते. पुढे आजारपणाने खाडे पडले, तर श्रम घडत नाहीत, टन भरत नाही, आणि न फिटलेली उचल पुढच्या हंगामाच्या खात्यावर चढते.