कुंग फू विनोदपट : घरच्या पडद्यावरील एचडी दर्शन

चिनी युद्धकलेतील खरेखुरे कौशल्य आणि आंगिक विनोद यांची सांगड घालणारा, हाँगकाँगमध्ये १९७०च्या दशकात रुजलेला चित्रपटप्रकार म्हणजे कुंग फू विनोदपट. यात मारामारी थांबवून विनोद केला जात नाही. ज्या हालचालीने फटका चुकवला जातो, तिनेच हसू येते. म्हणून सुस्पष्ट चित्र, अखंड चौकट आणि मूळ गती यांवर या प्रकाराचा आस्वाद इतर बहुतेक चित्रपटांहून अधिक अवलंबून असतो.

ब्रूस लीच्या निधनानंतर (१९७३) सूडाने पेटलेल्या नायकाची तीच ती कथा फिकी पडू लागली होती. दिग्दर्शक लाउ कार-ल्युंग यांनी १९७५ मध्येच ‘द स्पिरिच्युअल बॉक्सर’मधून वेगळी वाट दाखवली, मात्र या प्रकाराला खरा जम बसला तो १९७८ मध्ये, युएन वू-पिंग दिग्दर्शित ‘स्नेक इन द ईगल्स शॅडो’ आणि ‘ड्रंकन मास्टर’ या जॅकी चॅनच्या दोन चित्रपटांनी. क्वान टाक-हिंग या अभिनेत्याने १९४९ पासून डझनावारी चित्रपटांत धीरगंभीर गुरू म्हणून साकारलेला वाँग फेइ-हंग हा प्रत्यक्षात होऊन गेलेला चिनी युद्धकलागुरू ‘ड्रंकन मास्टर’मध्ये उनाड, मार खाणारा पोरगा झाला. चॅन, सॅमो हंग आणि युएन बियाओ हे तिघेही लहानपणी हाँगकाँगमध्ये पेकिंग ऑपेरा या चिनी संगीतनाट्याच्या एकाच गुरूकडे शिकले होते. कोलांट्या, तोल आणि मुद्राभिनय यांची ती कठोर तालीम या चित्रपटांच्या मुळाशी आहे.

अशी दृश्ये बहुधा कलावंत नखशिखांत दिसेल इतक्या अंतरावरून आणि तुलनेने लांब शॉटमध्ये चित्रित केलेली असतात. ‘ड्रंकन मास्टर’च्या अखेरच्या द्वंद्वात नायक चिनी दंतकथांतील आठ अमर व्यक्तींच्या मद्यधुंद शैली एकेक करून वापरतो. आठवी, स्त्री-अमराची शैली त्याने शिकतानाच टाळलेली असते, त्यामुळे ती त्याला ऐन लढाईत स्वतःच रचावी लागते. प्याला धरल्यासारखी वाकवलेली बोटे, झुकत्या धडाखाली घट्ट रोवलेले पाऊल, फटका बसण्याआधी क्षणभर बदलणारी नजर हे सारे दिसले तरच डुलणे खोटे आणि तोल खरा असल्याची गंमत कळते. धूसर प्रतीत नुसती झटापट उरते.

जुन्या व्हिडिओ कॅसेटमध्ये हानी याहून मोठी होती. २.३५:१ प्रमाणातले रुंद चित्र ४:३ पडद्यावर पूर्ण उंचीने भरले, की सुमारे ४३ टक्के भाग कापला जातो; या चित्रपटांत बऱ्याचदा त्याच भागात प्रतिस्पर्धी उभा असे. पाल या जुन्या टीव्ही-प्रसारण पद्धतीच्या डीव्हीडीत ७२० × ५७६ पिक्सेल, तर पूर्ण एचडीत १९२० × १०८० म्हणजे बरोबर पाचपट पिक्सेल असतात. १६:९ पडद्यावर वरखाली काळे पट्टे येऊन चित्राला सुमारे ८१७ ओळीच मिळतात, तरीही चौकट शाबूत राहते; पट्टे घालवण्यासाठी चित्र ताणणे किंवा मोठे करणे म्हणजे जुनी कापाकापी स्वतःहून ओढवून घेणे होय.

गतीचा प्रश्न अधिक नाजूक आहे. कॅमेरा सेकंदाला २४ ऐवजी, उदाहरणार्थ, २२ फ्रेमच्या (स्थिरचित्रांच्या) वेगाने चालवून मारामारी सुमारे ९ टक्के जलद दाखवण्याची युक्ती हाँगकाँगमध्ये सर्रास वापरली जाई. लय या हिशेबाने बांधलेली असल्याने सेकंदाला २४ फ्रेम हा मूळ वेग टिकवणारी ब्लू-रे प्रत श्रेयस्कर ठरते. पाल प्रसारणात व डीव्हीडीत तोच चित्रपट साधारणपणे २५ फ्रेमने म्हणजे आणखी ४ टक्के जलद चाले. टीव्हीतील ‘मोशन स्मूदिंग’ मात्र मूळ फ्रेमांच्या मध्ये कृत्रिम फ्रेम घालते आणि फटक्याचा ठोसपणा नाहीसा करते. ही सोय बंदच ठेवावी. काही टीव्हींवर २०१९ मध्ये जाहीर झालेल्या ‘फिल्ममेकर मोड’ने हे एका बटणावर साधते.

एचडी लिहिलेली प्रत्येक प्रत चांगली असतेच असे नाही. फिल्मचे नैसर्गिक कण अतिरेकाने पुसले, की चेहरे मेणाचे भासतात आणि कपड्यांचा पोत जातो. कमी बिटरेटच्या (सेकंदाला मिळणाऱ्या माहितीच्या) स्ट्रीमिंगमध्ये वेगवान हालचालीवेळी, नेमक्या महत्त्वाच्या क्षणी, चित्राचे चौकोन फुटतात. ब्लू-रेवर दृश्यासाठी सेकंदाला ४० मेगाबिटपर्यंत वाव असतो. चांगल्या प्रतीत दोरखंड किंवा बदली कलावंतही कधी ओळखू येतो, पण ‘प्रोजेक्ट ए’मध्ये (१९८३) घड्याळाच्या मनोऱ्यावरून कापडी छतांतून कोसळणारा माणूस स्वतः चॅनच आहे, हेही तीच प्रत निःसंशय दाखवते.

ध्वनीच्या बाबतीत जास्त स्पीकर म्हणजे जास्त आनंद असे समीकरण नाही. त्या काळी संवाद व फटक्यांचे आवाज चित्रीकरणानंतर ध्वनिमुद्रित होत आणि ऑपेराच्या तालवाद्यांप्रमाणे हालचालीला ठेका देत. नव्या बहुवाहिनी मिश्रणात काही वेळा हे आवाजच बदललेले आढळतात. प्रतीत मूळ मोनो (एकवाहिनी) कँटोनीज, म्हणजे हाँगकाँगच्या भाषेतला, ध्वनिपट असेल, तर उपशीर्षकांसह तोच निवडणे उत्तम.