उघाडी-सिद्धांताची पार्श्वभूमी

उघाडी-सिद्धांत कुठल्याही विद्यापीठात शिकवत नाहीत, कारण असा सिद्धांत नाहीच. धरमतर खाडीकाठच्या एका गावात, लावणी उरकल्यावरच्या रिकाम्या दिवसांत, पडवीत बसून तिघांनी तो रचला: गणिताचे एक मास्तर, पंपाच्या मोटारी वाइंडिंग करणारा एक मित्र आणि लिहून घेणारा मी. म्हणणं एवढंच की तर्कातल्या विरोधाभासांना बांध घालावा, बांधाला दार ठेवावं आणि त्यांच्याच जोरावर काम करून घ्यावं. सिद्धांत कल्पित असला तरी तो ज्या गोष्टींवरून सुचला त्या खऱ्या आहेत. हे टिपण त्यांच्याबद्दल.

आधी नावाविषयी. खारपाटातली, म्हणजे खाडीलगतच्या सखल खाऱ्या जमिनीतली, भातशेती उधाणाच्या पाण्याच्या पातळीखाली असते. खाडी आणि शेत यांच्यामध्ये मातीचा बांध, आणि बांधात उघाडी, म्हणजे वरून टांगलेली झडप. भरती आली की खाडीचं पाणी झडपेला बाहेरून रेटतं आणि ती बंद होते. ओहोटीला शेतात साठलेलं पावसाचं पाणी तिला आतून ढकलतं आणि बाहेर जातं. दिवसातून दोनदा हे आपोआप घडतं. जे पाणी शेताचा घात करणार, तेच दार लावून घेतं, ही यातली खरी गंमत. पण खेकड्यांनी बांध पोखरला आणि एखाद्या उधाणाला खांड गेली, म्हणजे बांध फुटला, की एका शेताचं नुकसान होऊन भागत नाही. सगळा खारपाट खारा होतो, आणि पावसाने तो धुऊन निघेपर्यंत तिथे राता, म्हणजे खारं सोसणारं भातही धड येत नाही.

तर्कशास्त्रातही अशी खांड जाते. 'पाऊस पडतोय' आणि 'पाऊस पडत नाही' ही दोन्ही विधानं खरी मानली, असं समजा. पहिलं खरं, म्हणून 'पाऊस पडतोय किंवा चंद्र रव्याच्या लाडवाचा आहे' हेही खरं. पण पाऊस तर पडत नाही. उरला लाडू. एका विसंगतीतून वाटेल ते सिद्ध होतं, हा रूढ तर्कशास्त्राचा नियमच आहे. म्हणून तर्कशास्त्रज्ञ विरोधाभासाला इतके बिचकून असतात.

विरोधाभास तसे जुनेच. गावातल्या एका कुंपणाच्या भिंतीवर ऑइलपेंटने लिहिलंय: 'या भिंतीवर काही लिहू नये.' वाचणाऱ्या कुणालाही त्यात अडचण वाटत नाही, कारण ती सूचना स्वतःला मोजत नाही, हे सगळ्यांनी गृहीत धरलेलं असतं. नेमकं हेच व्याकरणकार भर्तृहरीने 'वाक्यपदीया'त, साधारण पाचव्या शतकात, म्हणून ठेवलं आहे. 'सर्वं मिथ्या ब्रवीमि', मी सगळं खोटं बोलतो, असं कुणी म्हटलं तर? त्याचं उत्तर: 'नैतद्वाक्यं विवक्ष्यते.' त्या 'सगळ्या'त हे वाक्य धरायचंच नाही. धरलं तर बोलणाऱ्याला जे सांगायचंय तेच कळणार नाही. ग्रीकांकडे हाच खोटारडा इसवी सनापूर्वी चौथ्या शतकात युबुलिडीझच्या नावावर सापडतो. आपल्याकडच्या न्यायग्रंथांत 'माता मे वन्ध्या' हे स्ववचनविरोधाचं ठरलेलं उदाहरण. पण ते नुसतं चुकीचं विधान आहे, खोटारड्यासारखं खऱ्याखोट्यात हेलकावत नाही. हा फरक मास्तरांनी आमच्याकडून तीनदा वदवून घेतला.

मोठी खांड गेली ती विसाव्या शतकाच्या सुरुवातीला. जे संच स्वतःचे घटक नाहीत, अशा सगळ्या संचांचा एक संच केला तर तो स्वतःचा घटक असेल का? असेल तर नाही, नसेल तर आहे. इंग्रज तर्कशास्त्रज्ञ बर्ट्रंड रसेलला हे १९०१ मध्ये दिसलं. १६ जून १९०२ रोजी त्याने ते जर्मन गणिती गॉटलोब फ्रेगेला पत्राने कळवलं. फ्रेगेने अंकगणित तर्काच्या पायावर उभं करण्यात उमेदीची वर्षं घातली होती आणि ग्रंथाचा दुसरा खंड छपाईत होता. १९०३ मध्ये तो परिशिष्ट जोडून निघाला, आणि पायाच ढासळल्याची कबुली त्याला त्या परिशिष्टात द्यावी लागली. (रसेलच्याच केंब्रिजमध्ये १८९९ साली दापोलीजवळच्या मुर्डीचे र. पु. परांजपे सीनियर रँग्लर, म्हणजे गणिताच्या परीक्षेत पहिले, झाले होते. यावरून काहीही सिद्ध होत नाही, पण मुर्डीचं नाव घेतल्याशिवाय कोकणी माणसाला पुढे जाववत नाही.)

मग बांध घातले गेले. १९०८ मध्ये रसेलने संचांना पायऱ्या लावून दिल्या: वरच्या पायरीवरच्याने खालच्याबद्दल बोलावं, स्वतःबद्दल नाही. त्याच वर्षी झेर्मेलोने संच कसे बनवता येतील याचेच नियम घालून दिले. १९३३ मध्ये टार्स्कीने दाखवलं की गणिताच्या काटेकोर भाषेतल्या वाक्यांचं खरंखोटं त्या भाषेत ठरवता येत नाही, त्यासाठी वरची भाषा लागते. हे बांध मजबूत आहेत आणि आजचं गणित त्यांच्याच आड सुखाने पिकतं. फक्त त्यांत उघाडी नाही.

उघाडी पहिल्यांदा ठेवली ती गोडेलने, असं आमचं मत. १९३१ मध्ये त्याने खोटारड्याचं वाक्य घेतलं आणि त्यातला 'खोटं' हा शब्द बदलला: 'हे वाक्य या पद्धतीत सिद्ध होत नाही.' एवढ्याशा बदलाने विरोधाभास आत शिरला नाही, पण त्याचा जोर कामाला आला आणि अपूर्णतेचा सिद्धांत हाती लागला: अंकगणिताच्या सुसंगत पद्धतीतही सिद्ध न होणारी खरी वाक्यं उरतातच. ट्युरिंगने १९३६ मध्ये त्याच युक्तीने यंत्राच्या ताकदीची हद्द आखली.

तिसरी वाट ज्यांनी धरली ते खारं पाणी थोडं आत घेऊनच शेती करणारे. पोलंडच्या याश्कोव्स्कीने १९४८ मध्ये चर्चेचं तर्कशास्त्र मांडलं: सभेत दहा माणसं परस्परविरुद्ध बोलतात, म्हणून सभेने काहीही मान्य केलं असं होत नाही, दोघांची विधानं जोडायची नाहीत, एवढं पथ्य पाळायचं. ज्याने ग्रामसभा पाहिलीय त्याला हे वेगळं समजवायला नको. पुढे ब्राझीलचा दा कोस्टा, आणि १९७७ मध्ये बेलनॅप. बेलनॅपने संगणकासाठी चार उत्तरं सुचवली: खरं, खोटं, दोन्ही, आणि माहितीच नाही. सातबाऱ्यावर भात आणि शेतात तिवरं, अशी परिस्थिती पाहिलेल्यांना 'दोन्ही' या उत्तराचं मोल कळेल.

पण सिद्धांताचा खरा जन्म झाला तो घंटेमुळे. मित्राने भंगारातली जुनी विजेची घंटा आणून पडवीत खोलली. प्रवाह आला की विद्युतचुंबक पट्टी ओढतो, पट्टी ओढली की जोड तुटतो, जोड तुटला की प्रवाह जातो, पट्टी स्प्रिंगने मागे येते आणि पुन्हा जोड लागतो. "मास्तर, चालू असेल तर बंद, बंद असेल तर चालू. तुमचा खोटारडा तो हाच ना?" मास्तर बराच वेळ काही बोलले नाहीत. कागदावर जो विरोधाभास, तोच तांब्याच्या तारेत निव्वळ खणखणाट! 'नाही' म्हणणारी फाटकं, म्हणजे आलेला संकेत उलटा करून देणारे छोटे भाग, विषम संख्येने गोल जोडली की चिपमध्येही हेच होतं. असं कडं किती जलद हेलकावतं यावरून चिपचा वेग मोजतात. आणि दोनच जोडली तर? मग हेलकावा थांबतो आणि कडं जे धरलं तेच धरून बसतं. 'मी खरं बोलतो' हे वाक्य जसं खरं मानलं तरी चालतं आणि खोटं मानलं तरी, तसं. एकल्स आणि जॉर्डन यांनी १९१८ मध्ये दोन निर्वात नळ्यांतून असंच मंडल केलं, आणि संगणकाच्या स्मृतीचं मूळ तिथे आहे.

म्हणून सिद्धांताचं पहिलं कलम असं लिहिलं गेलं: विरोधाभासाला वेळ द्या, म्हणजे त्याची भरती-ओहोटी होते. दुसरं कलम झडपेचं: कुठलं विधान कुठल्या विधानाशी जोडायचं नाही, ते आधी ठरवा. तिसरं खेकड्यांचं, ते अजून कच्चं आहे.

चौथ्या कलमाची जागा वहीत कोरी आहे. घंटेला क्षण असतात: आधी चालू, मग बंद. रसेलच्या संचाला घड्याळ नाही. तो एकाच वेळी आत आणि बाहेर. त्याचं काय करायचं यावर दोन संध्याकाळी गेल्या. शेवटी मित्र उठला, घंटेचे स्क्रू डबीत भरता भरता म्हणाला, "मास्तर, याला ओहोटीच नाय. मग उघाडी उघडायची कधी?"