थांडो होपा आणि पडद्यावरील अल्बिनिझम : पार्श्वभूमी

‘द व्हील ऑफ टाइम’ या मालिकेच्या २०२१ मध्ये आलेल्या पहिल्या पर्वात लाट्रा पोसाए या अधिकारपदावरील स्त्रीची छोटी भूमिका दक्षिण आफ्रिकेच्या थांडो होपा यांनी केली. त्यांना जन्मतः अल्बिनिझम आहे; मात्र त्या पात्राच्या वर्णाचा खुलासा करण्याची गरज कथेला भासत नाही. ही बाब साधी वाटली, तरी तिच्यामागे मोठा इतिहास आहे.

अल्बिनिझममध्ये मेलॅनिन हे रंगद्रव्य शरीरात फार कमी तयार होते किंवा होतच नाही. ही आनुवंशिक अवस्था आहे; आपल्याकडे तिची कोडाशी सर्रास गल्लत होते. त्वचा उन्हात लगेच भाजते आणि त्वचेच्या कर्करोगाचा धोका वाढतो. डोळ्यांना प्रखर प्रकाश सोसत नाही, बुबुळे नकळत हलत राहतात आणि चष्मा लावूनही नजर बहुधा अधूच राहते. तरीही ‘द दा विंची कोड’ या २००६ च्या चित्रपटात अल्बिनिझम असलेले पात्र म्हणजे पिस्तूल चालवणारा खुनी होता, आणि ती भूमिकाही अल्बिनिझम नसलेल्या नटाने रंगभूषा करून केली होती. अशा खलपात्रांची परंपरा जुनी असून अल्बिनिझम असलेल्यांसाठी काम करणाऱ्या अमेरिकेतील ‘नोआ’ या संघटनेने त्याविरुद्ध जाहीर निषेध नोंदवला होता.

आफ्रिकेत मात्र प्रश्न थेट जिवावर बेतला होता. अल्बिनिझम असलेल्यांच्या अवयवांमुळे धनलाभ होतो, या अंधश्रद्धेपायी टांझानियात २००० नंतरच्या दशकात, आणि पुढे मलावीतही, खून व अंगच्छेदाचे प्रकार उघडकीस आले. टांझानियाच्या अध्यक्षांनी २००८ मध्ये स्वतःला अल्बिनिझम असलेल्या अल-शयमा क्वेगिर यांना संसदेवर नियुक्त केले. संयुक्त राष्ट्रांच्या महासभेने २०१४ मध्ये १३ जून हा अल्बिनिझम जागृतिदिन ठरवला, तर २०१५ मध्ये मानवाधिकार परिषदेने अल्बिनिझम असलेल्यांच्या हक्कांसाठी स्वतंत्र तज्ज्ञाचे पद निर्माण केले. त्या पदावर प्रथम आलेल्या नायजेरियाच्या इक्पोन्वोसा एरो यांना स्वतःला अल्बिनिझम आहे, हे विशेष.

होपा यांची वाटचाल याच काळातली. पेशाने वकील असलेल्या होपा सरकारी अभियोक्ता म्हणून लैंगिक अत्याचाराचे खटले चालवत होत्या. २०१२ च्या सुमारास वेशभूषाकार गर्ट-योहान कुट्झी यांच्यामुळे त्या मॉडेलिंगमध्ये आल्या. पिरेली या टायर कंपनीच्या २०१८ च्या प्रसिद्ध छायाचित्र-दिनदर्शिकेत त्या झळकल्या आणि २०१९ मध्ये ‘व्होग पोर्तुगाल’ या फॅशन मासिकाच्या मुखपृष्ठावर आल्या; ‘व्होग’च्या मुखपृष्ठावर आलेली अल्बिनिझम असलेली ही पहिली स्त्री होय. फॅशनच्या जगाला वेगळेपणाचे आकर्षण नेहमीच असते, त्यामुळे निव्वळ मुखपृष्ठाला फार महत्त्व देण्याचे कारण नाही. न्यायालयात अत्याचारग्रस्तांची बाजू मांडलेली ही स्त्री प्रतिनिधित्वाकडे हक्काचा प्रश्न म्हणून पाहते, हे अधिक महत्त्वाचे. ज्यांच्याविषयी खुनापर्यंत नेणाऱ्या दंतकथा पसरल्या, ती माणसे पडद्यावर राज्यकर्ती, वकील किंवा शेजारीण म्हणून दिसावीत, एवढीच ती मागणी आहे.