अर्जावर उत्तरच येत नाही? विकास परवानगी रखडल्यास हायकोर्टात कधी आणि कसं जावं

महापालिकेनं, नगरपरिषदेनं किंवा एखाद्या प्राधिकरणानं विकास परवानगीचा अर्ज नाकारला तर रस्ता ठरलेला आहे. महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियम, १९६६ च्या कलम ४७ खाली ४० दिवसांत शासनाकडे अपील करता येतं. पंचाईत होते ती उत्तरच न आल्यावर. आदेशच नाही तर अपील कशाविरुद्ध करणार? म्हणून माझं मत असं की 'साहेब बघतायत' हे वर्षभर ऐकण्यापेक्षा लेखी नकार पदरात पडलेला परवडतो.

या कायद्यात 'विकास' म्हणजे फक्त बांधकाम नव्हे, जमिनीच्या वापरात केलेला ठळक बदलही त्यात येतो. कलम ४४ खाली अर्ज गेल्यावर निर्णय कळवायला नियोजन प्राधिकरणाला ६० दिवस असतात. ते उलटले की कलम ४५(५) प्रमाणे परवानगी मिळाली असं मानलं जातं. हीच ती मानीव परवानगी. पण तिच्यावर विसंबून लगेच पाया खणायला घेऊ नका. प्रस्ताव विकास नियंत्रण नियमावलीत आणि आराखड्यात काटेकोर बसत असेल तरच ती लागू होते. कुठे सामासिक अंतर (इमारतीभोवती सोडायची मोकळी जागा) कमी पडलं, जागेवर आराखड्यातलं सार्वजनिक वापराचं आरक्षण निघालं, तर तेच बांधकाम अनधिकृत ठरतं आणि कलम ५२ ते ५७ ची कारवाई मागे लागते. शिवाय हातात शिक्क्याचा कागद नसताना बँकेला कर्जासाठी काय दाखवणार?

दिवस मोजतानाही गफलत होते. प्राधिकरणानं त्रुटीपत्र, म्हणजे अर्जातल्या उणिवा दूर करा असं सांगणारं पत्र, पाठवलं असेल तर ६० दिवस तुमचं उत्तर पोचल्यापासून धरतात. मुदत भरत आली की नेमकं त्रुटीपत्र का निघतं, ते ज्याचं त्यानं ओळखावं. अर्ज असो की त्रुटीची पूर्तता, आपल्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि गोल शिक्का घेतल्याशिवाय खिडकी सोडू नये. ऑनलाइन अर्ज असेल तर टोकन क्रमांक आणि फाईल कोणत्या टेबलावर आहे ते दाखवणाऱ्या पानाची छापील प्रत ठेवा. पुढे सगळी याचिका या तारखांवरच उभी राहते.

झोन बदलाचं प्रकरण मात्र निराळं. कलम ३७ खालच्या आराखड्यातील फेरबदलाला मानीव परवानगीची तरतूद नाही. तिथे कोर्ट फार तर 'प्रस्तावावर निर्णय घ्या' म्हणेल. महसूल संहितेतल्या बिनशेतीच्या तरतुदीही २०१४ पासून बऱ्याच बदलल्या आहेत. आपल्या गटाला कोणतं कलम लागू होतं ते आधी तलाठ्याकडे नव्हे, वकिलाकडे तपासा.

कोर्टाआधी दोन गोष्टी करून ठेवा. बांधकाम परवाना लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ खाली अधिसूचित सेवांमध्ये आहे. मुदत टळली की ३० दिवसांत प्रथम अपील करता येतं, आणि कसूर करणाऱ्या अधिकाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये शास्ती होऊ शकते. दुसरी गोष्ट म्हणजे लेखी मागणी: अर्ज अमुक तारखेचा, मुदत अमुक दिवशी संपली, आता निर्णय द्या. हे पत्र पोचदेय टपालानं पाठवावं. 'मागणी केली, तरी दाद मिळाली नाही' हे दाखवता आलं नाही तर पहिल्याच तारखेला सरकारी वकील तेवढ्यावर बोट ठेवतात.

एवढं करूनही हालचाल नसेल तर संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली मुंबई उच्च न्यायालयात परमादेशाची, म्हणजे प्राधिकरणाला आपलं कर्तव्य बजावायचा हुकूम मागणारी, रिट याचिका करता येते. जमिनीचा मालक, सर्व सहहिस्सेदार किंवा नोंदणीकृत कुलमुखत्यारपत्र असलेला विकसक ती करू शकतो. नुसतं साठेखत असेल तर बाजू लंगडी पडते. भावाभावांचा हिस्स्याचा वाद असेल तर तो दिवाणी न्यायालयातच सोडवायचा, रिटमध्ये नाही. जिल्ह्याप्रमाणे मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगरला जावं लागतं. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गवाल्यांना १८ ऑगस्ट २०२५ पासून हायकोर्टाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच (फिरतं खंडपीठ) आहे.

कागद लागतात ते असे: चालू सातबारा किंवा मिळकत पत्रिका, फेरफार, मोजणी नकाशा, झोन दाखला आणि भाग नकाशा, अर्ज व जोडलेले नकाशे, छाननी शुल्काची पावती, त्रुटीपत्रं आणि त्यांची उत्तरं, मागणीपत्र व पोच, अपील केलं असल्यास त्याची प्रत, वकालतनामा आणि प्रतिज्ञापत्र. फाईलवरच्या टिप्पण्या माहितीच्या अधिकारात १० रुपये भरून मागवा. दिरंगाई नेमकी कोणाच्या टेबलावर झाली ते त्यात तारखेनिशी दिसतं. हायकोर्टाचं कामकाज इंग्रजीत चालतं, तेव्हा मराठी कागदांच्या भाषांतराचं वकिलांना आधीच विचारून घ्या.

विनंतीचा मजकूर साधा ठेवावा: 'अमुक आवक क्रमांकाच्या अर्जावर ठरावीक आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय घेण्याचे निर्देश द्यावेत.' 'परवानगीच द्या' असा हट्ट सहसा चालत नाही, कारण अर्जाची गुणवत्ता तपासणं प्राधिकरणाचं काम, ते करायला लावणं कोर्टाचं. साधं प्रकरण असेल तर बहुधा मुदत घालून याचिका निकाली निघते.

आदेशाची प्रमाणित प्रत हाती आली की त्याच कार्यालयात आवक करून पोच घ्या. कोर्टानं दिलेली मुदतही टळली तर अवमान याचिका करता येते, पण न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २० मुळे ती अवमान घडल्यापासून एका वर्षाच्या आत दाखल करावी लागते.